कंसातली बिट्टी

पत्र (थोडं आटोपशीर करून):

"साताऱ्याला आमचं जुनं बैठं घर आहे. फाटकाशी गुलाबी कण्हेर आहे, मामंजींनी लावलेली. सासूबाई (वय ८४) रोज तिची परडीभर फुलं देवाला काढतात. गेल्या गुरुवारी अडीच वर्षांच्या नातवानं खाली पडलेलं फूल तोंडात घातलं. चावलं, थुंकलं, काही गिळलं का ते कळलं नाही. सासूबाई मिठाचं पाणी पाजून ओकारी काढायला निघाल्या. सुनेनं त्यांच्या हातातला पेला काढून घेतला आणि पोराला कडेवर घेऊन दवाखाना गाठला. एक रात्र ठेवून घेतलं. काही झालं नाही, देवाची कृपा. आता सून म्हणते, हे झाड काढा, नाहीतर मी पोराला घेऊन पुण्याला जाते. सासूबाई म्हणतात, देवाचं झाड आहे, साठ वर्षांत कुणाला काही झालं नाही. मुलगा गप्प, यजमान पेपरात डोकं घालून. झाड तोडू का? आणि सुनेला कसं समजावू? (मागे न्हाणीघरापाशी पिवळ्या फुलांची बिट्टी आहे, पण तिचं काही नाही, ती आपोआप उगवलीय. तिच्या बियांनी नातू खेळत असतो. बाकी गच्चीत सुनेच्या कुंड्या आहेत, अडेनियम वगैरे.)"

ताई,

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. पहिल्यांदा चहा घेता घेता. दुसऱ्यांदा कप खाली ठेवून, कारण सगळ्या पत्रात मला धडकी भरवणारी ओळ तुम्ही कंसात टाकलीय, आणि वर "तिचं काही नाही" असं लिहिलंय. फाटकाशी महाभारत चाललंय आणि खरं काळजीचं झाड न्हाणीघराच्या पाण्यावर निवांत वाढतंय.

म्हणून आधी बिट्टी. ही म्हणजे पिवळी कण्हेर. फूल घंटेसारखं, पान अरुंद आणि तकतकीत, तोडलं की पांढरा चीक. फळ हिरवं, जरा कोनदार, पिकलं की काळं पडून गळतं, आणि आत ती टणक, होडीसारखी कोय. तुमच्या-माझ्या पिढीनं तिच्याशी एकी-बेकी खेळलेलीच आहे. माझ्या फ्रॉकच्या खिशात कायम पाच-सहा बिट्ट्या असायच्या आणि आमच्यातलं कुणी त्यानं मेलं नाही, हेही खरं. कारण कोय इतकी कठीण की लहान मुलाच्या दातांना ती फुटत नाही. पण कोय फुटली, दगडानं ठेचली, आतलं बी तोंडात गेलं, तर गोष्ट फार वेगळी होते. आपल्या बागांमध्ये सर्रास दिसणाऱ्या झाडांपैकी सगळ्यात घातक बियांमध्ये तिची गणना होते. अडीच वर्षांचं मूल आज तिच्याशी नुसतं खेळतंय. साडेतीन वर्षांचं झालं की ते दगड हातात घेणार. आतलं बी कसं दिसतं ते बघायचंच असतं त्या वयात.

बिट्टी काढा. फांद्या नव्हे, मुळासकट. इथं सुदैवानं भावनेचा प्रश्न नाही. ती कुणी लावली नाही, तिच्याशी कुणाची आठवण जोडलेली नाही, मूळची ती आपल्याकडची नव्हेच, अमेरिका खंडाच्या उष्ण भागातून आलेली. खाली पडलेल्या सगळ्या कोया हातानं वेचा, झाडूनं नको. झाडूनं त्या फटीत जातात, आणि पहिल्या पावसाला तिथून टाळकी वर काढतात.

आता फाटकाशी येते.

कण्हेर विषारी आहे, आणि सगळी विषारी आहे. पान, फूल, साल, मूळ, शेंग, चीक. सुकली तरी विषारी, उकळली तरी विषारी. बिट्टी आणि कण्हेर दोघींच्या विषाची जात एकच. हृदयाच्या ठोक्यांना आवर घालायला डॉक्टर डिगॉक्सिन नावाची गोळी देतात ना, तिच्याच चुलत घराण्यातली रसायनं या झाडांत असतात. कण्हेरीतलं मुख्य ओलिअँड्रिन, बिट्टीतलं थेवेटिन. हृदयाच्या प्रत्येक पेशीच्या भिंतीत सोडियम बाहेर आणि पोटॅशियम आत ढकलणारा एक पंप असतो. हे विष तो पंप अडवतं. गोळीत मात्रा मिलिग्रॅमच्याही अंशात मोजलेली असते, त्यामुळे ठोका सुधारतो. पानात ती कुणी मोजलेली नसते. मग उलट्या, पोटात कळ, जुलाब, गुंगी, नाडी मंद होणं, चुकणं, रक्तातलं पोटॅशियम चढणं. काहींना सगळं पिवळं दिसायला लागतं.

(सासूबाई हृदयाची काही गोळी घेत असतील तर तिचं नाव एकदा वाचून बघा. डिगॉक्सिन असेल तर कण्हेरीचा कुठलाही घरगुती काढा, लेप, चाटण त्यांच्यापासून चार हात लांब. नसेल तरीही लांबच.)

मोबाईलवर सुनेनं नक्की वाचलं असणार की "एक पान पुरे." हे वाक्य सगळीकडे फिरतं. मी तीस वर्षं कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवलं, मला विचाराल तर मी असा आकडा कधीच सांगत नाही. झाडागणिक, भागागणिक विष कमीजास्त असतं, आणि खाणाऱ्याचं वय नि वजनही वेगळं. फूल चावून कडू लागलं म्हणून थुंकणाऱ्या बहुतेक मुलांना फारसं काही होत नाही. फार तर पोट बिघडतं. कण्हेर जहाल कडू आहे, हीच तिची दया. पण तुमच्या अंगणात गुरुवारी सकाळी कुणाला माहीत होतं, किती गिळलं ते? ते कळायचा मार्ग एकच होता आणि सुनेनं तोच धरला.

म्हणून तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मधेच देऊन टाकते. सुनेला समजवायचं काहीही नाही. ती सगळं बरोबर वागली. पेला काढून घेतला तेही. मिठाच्या पाण्यानं ओकारी काढणं हा आपल्या घराघरातला इलाज खरा, पण लहान मुलाच्या अंगात एवढं मीठ गेलं तर त्यानंच जिवावर बेतू शकतं, आणि ओकारी श्वासनलिकेत गेली तर आणखी एक संकट. दूधही नाही, तूपही नाही, चिंचेचं पाणीही नाही. तोंडातलं बोटानं काढायचं, चूळ भरता येत असेल तर भरायची, हात धुवायचे, आणि त्या झाडाची एक डहाळी पिशवीत घालून निघायचं. किती वाजता तोंडात गेलं ते लक्षात ठेवायचं. दवाखान्यात ईसीजी काढतात, पोटॅशियम बघतात, गरज पडली तर औषधी कोळसा पाजतात, नाडी मंद झाली तर ॲट्रोपिन देतात. या विषावरचा खास उतारा जगात आहे, पण तो महाग आहे आणि आपल्याकडे सहसा हाताशी नसतो. म्हणून मूल हसत-खेळत दिसलं तरी देखरेखीखाली ठेवून घेतात. ठोक्यांचा घोटाळा उशिरानंही होऊ शकतो. तुमच्या डॉक्टरांनी रात्रभर ठेवलं ते पैसे उकळायला नव्हे. (ही शंका पत्रात नाही, पण यजमानांनी ती बोलून दाखवली असेल असा माझा अंदाज.)

दिल्लीच्या एम्समध्ये राष्ट्रीय विष माहिती केंद्र आहे, दिवसरात्र चालू असतं, नंबर १८०० ११६ ११७, पैसे पडत नाहीत. फ्रिजवर चिकटवा. गाडीसाठी १०८ तर आहेच.

आता सासूबाई. त्यांचा मुद्दा मला हसण्यावारी न्यायचा नाही. साठ वर्षांत काही झालं नाही, हे अगदी शक्य आहे. गणपतीच्या एकवीस पत्रींमध्ये कण्हेरीचं पान आहेच, "करवीर" म्हणून. त्यात धोतरा आहे, रुई आहे. आपल्या जुन्या माणसांना यातलं विष माहीत नव्हतं असं कुणी समजू नये. संस्कृतात कण्हेरीचं एक नाव अश्वमारक, म्हणजे घोडा मारणारी. आयुर्वेदात ती उपविषांच्या यादीत आहे, कळलावी, गुंज, धोतरा यांच्या पंगतीला. वैद्य ती गाईच्या दुधात शिजवून शोधन केल्याशिवाय हातात धरत नाहीत, आणि ते काम त्यांचंच, आपल्या ओट्यावरचं नाही. पत्री वाहायची असते. खायची नसते. साठ वर्षं काही झालं नाही ते यामुळे.

सासूबाईंशी बोलायचं असेल तर केरळची हकीकत सांगा, त्यांना पटेल. तिकडे कण्हेरीला अरळी म्हणतात आणि देवळात ती आपल्यासारखीच मानाची. २०२४ साली तिथं एका तरुण मुलीचा मृत्यू झाला, आणि फोनवर बोलता बोलता तिनं अरळीचं पान-फूल चावलं असावं असा संशय आला. संशयच, त्यापुढे मी जात नाही. पण त्या मे महिन्यात त्रावणकोर देवस्वम बोर्डानं आपल्या देवळांत नैवेद्य आणि प्रसादातून अरळी बंद केली. पूजेतून मात्र नाही काढली. देवाला वाहा, माणसाच्या तोंडाशी नेऊ नका, एवढाच नियम.

तुमच्या घरात हा नियम मोडत असेल अशी एक जागा मला दिसते. देवपूजा झाल्यावर तीर्थ कसं देतात तुमच्याकडे? ताम्हनात देवांवर वाहिलेली फुलं तशीच पडलेली, त्यातलंच पळीभर पाणी नातवाच्या हातावर? कण्हेरीच्या डहाळ्या ज्या पाण्यात ठेवतात ते पाणीसुद्धा पिण्यालायक राहत नाही. तेव्हा तीर्थाचं पंचपात्र वेगळं, त्यात फक्त तुळस. नैवेद्याच्या वाटीवर जास्वंद चालेल, मोगरा चालेल, कण्हेर नाही. निर्माल्य खाली उतरवल्यावर लगेच गुंडाळून वर. हे सुनेनं सांगितलं तर भांडण होईल. तुम्ही सांगा, आणि "असं करा" असं न सांगता स्वतःच करायला लागा. चार दिवसांनी त्याच म्हणतील की आमच्यात पहिल्यापासून असंच आहे.

झाड तोडू का, असं विचारलंत. माझं मत: फाटकाशी आहे तिथं ठेवायचं, पण आत्ता आहे तसं नाही.

आधी सगळ्यात मोठी चूक सांगते, जी समझोता म्हणून घरोघर होते. एकजण म्हणतो तोडा, दुसरा म्हणतो नको, मग मधला मार्ग म्हणून गुडघ्याएवढी छाटून टाकतात. कण्हेर छाटली की मरत नाही, बुंध्यापासून चहूबाजूंनी फुटते. म्हणजे आजवर डोक्यावर असलेली कोवळी पानं तुम्ही बरोबर नातवाच्या तोंडासमोर आणून ठेवलीत. एकतर मुळासकट काढायची, नाहीतर उंच ठेवायची. उंच म्हणजे खालच्या सगळ्या फांद्या नि बुंध्यातून येणारे धुमारे काढून पाच फुटांपर्यंत खोड उघडं करायचं. धुमारे पुन्हा येतील, महिन्याला एकदा मोडायचे. राहिली गळणारी फुलं. फूल खालीच पडलं होतं ना गुरुवारी? बुंध्याभोवती फांद्यांच्या घेराएवढं बांबूचं कुंपण घाला, पोराच्या छातीपर्यंत येईल इतकं उंच. आणि नातू उठायच्या आत सकाळी एकदा तिथलं झाडून घ्या. हे काम यजमानांना द्या. पेपर त्यानंतर.

कुंपण आणि झाडणं वर्षभर नेटानं होणार नाही, असं मनातून वाटत असेल तर मात्र झाड काढा. खरंच. त्यात मामंजींचा अपमान नाही. कण्हेरीची फांदी पावसाळ्यात मातीत खोचली की लागते. एक फांदी दिरांकडे, नणंदेकडे, जिथं लहान मूल नाही अशा कुणाच्याही दारात लावून घ्या. झाड तेच राहील, फक्त पत्ता बदलेल.

छाटणीचं जरा नीट वाचा, कारण इथं मी स्वतः पोळलेय. आमच्या वडिलांनी एकदा परसातली कण्हेर छाटली आणि फांद्यांचा ढीग कुंपणाबाहेर टाकला. हिरव्या पानाला जनावर सहसा तोंड लावत नाही, कडू लागतं. म्हणून तर ही झाडं रस्त्याच्या दुभाजकात लावतात. पाणी फार लागत नाही, बारा महिने फूल, आणि गुरं फिरकत नाहीत. पण पान वाळलं की कडूपणा उतरतो. विष उतरत नाही. तिसऱ्या दिवशी शेजारच्या म्हातारीची शेळी त्या ढिगापाशी पाय ताणून पडलेली होती. तिची दोन करडं तिच्या पोटाशी ढुशा देत होती, ते चित्र अजून डोळ्यांसमोरून जात नाही. वडिलांनी शेळीचे पैसे दिले. म्हातारीनं ते घेतले, पण नंतर कितीतरी दिवस आमच्या दारावरून ती जायची नाही, लांबच्या बोळानं जायची.

तेव्हा छाटलेलं सगळं पोत्यात भरा, परसात खोल खड्डा घेऊन पुरा. उघड्यावर नाही, गुरांच्या वाटेवर नाही. आणि जाळू तर मुळीच नका, त्याचा धूरही त्रासदायक. पूर्ण बाह्यांचा सदरा, हातमोजे, आणि चीक लागलेला हात डोळ्याला न लावणं. नुसत्या स्पर्शानं विषबाधा होत नाही, तेव्हा सासूबाईंनी फुलं काढायला हरकत नाही, पण परडी खाली ठेवल्यावर आधी हात धुवायचे, मग नातवाला घास भरवायचा. कण्हेरीच्या काडीनं दातवण करू नये, तिची काठी मुलाच्या हातात खेळायला देऊ नये, भरीत भाजायला तिच्या काड्या टोचू नयेत. नेपोलियनचे सैनिक अशाच काड्यांवर मांस भाजून खाऊन मेले अशी एक गोष्ट सांगतात. ती मला दंतकथा वाटते. शेळीची गोष्ट मी पाहिलेली आहे.

आता गच्चीतल्या कुंड्या. हा परिच्छेद सासूबाईंना मोठ्यानं वाचून दाखवू नका, माझी विनंती आहे. सुनेनं हौसेनं आणलेलं अडेनियम, ते फुगीर बुंध्याचं, गुलाबी फुलांचं, जे रोपवाटिकेत डेझर्ट रोज म्हणून विकतात, ते कण्हेरीच्याच कुळातलं. विषाची जातही तीच. आफ्रिकेत त्याच्या रसाचा उपयोग बाणांना लावायला करत आले आहेत. तिचा दोष नाही, विकणाऱ्यानं सांगितलेलं नसतं. तुम्ही तिला एकटीला गाठून सांगा, आणि "बघ, तूसुद्धा" असा सूर न लावता. कुंडी उंच कठड्याच्या आत टांगता येते किंवा चार वर्षांसाठी मैत्रिणीला देता येते. एवढं झालं की बहुधा तिचा कण्हेरीवरचा रागही थोडा निवळेल. झाड वाईट आणि घरातली माणसं बेफिकीर, असं तिच्या मनात बसलंय. त्यातलं दुसरं जास्त लागलंय तिला. तुम्ही बिट्टी आधी काढलीत, तीही तिनं न सांगता, तर पुण्याची बॅग आपोआप माळ्यावर जाईल.

सगळ्या बागेचा धसका मात्र घेऊ नका. अनंत, जास्वंद, मोगरा, शेवंती यांच्यावर संशय घेत फिरलात तर अंगणात फक्त फरशी उरेल. नातवाला एकच वाक्य शिकवा, रोज, कंटाळा येईपर्यंत: "विचारल्याशिवाय तोंडात नाही." अडीच वर्षांचं मूल ते पाळेल असं मी म्हणत नाही. चार वर्षांचं पाळेल.

आणि हो, छाटणीच्या दिवशी कोयता चालवायच्या आधी पानांची खालची बाजू बघा. कॉमन क्रो नावाचं काळपट तपकिरी फुलपाखरू कण्हेरीवर अंडी घालतं. त्याची अळी हीच पानं खाऊन पोसते. त्याचा कोश पानाखाली लटकलेला असतो, अगदी चांदीच्या थेंबासारखा, त्यात आपलं तोंडसुद्धा वाकडंतिकडं दिसतं. तसा मिळाला तर ती फांदी दहा-बारा दिवस ठेवा. नातवाला कडेवर घेऊन सुनेनं तो दाखवला तर फारच छान, पण तिच्यावर जबरदस्ती नको.

बिट्टी या रविवारीच. किती कोया निघाल्या ते मला कळवा. अंदाजे नको, मोजून.